एकेचाळीस घरं फिरलेली किल्ली

मी एक जुनी लायसन्स की आहे. मित्रांनो, लगेच खिसे चाचपू नका. मी तसली लोखंडाची किल्ली नव्हे. मी म्हणजे नुसती पंचवीस अक्षरं. पाच-पाचांच्या घोळक्यांत उभी, मध्ये एकेक आडवी रेघ. त्या रेघा तरी बिचाऱ्या स्वस्थ असतात. मला मात्र स्वस्थ बसणं जन्मात जमलं नाही. आत्ताही बघा, तुमच्याशी बोलायला बसले आणि कधी एकदा सगळं सांगून मोकळी होते असं झालंय.

माझा जन्म कारखान्यातला, पण तिथं ना भट्टी ना हातोडा. एका यंत्रानं डोळ्याचं पातं लवायच्या आत आम्हा पाच हजार बहिणींना जन्म दिला. दिसायला सगळ्या सारख्या, पण एकीचं काम दुसरीला करता यायचं नाही. मला जाड कार्डावर छापलं, वर करडा पट्टा फासला आणि डबीत कोंबलं. सहा महिने अंधारात! शेजारच्या डबीतली बहीण म्हणायची, "पडून राहावं गं, वेळ आली की नेतील." ती सुखी जीव. मी आपली त्या पट्ट्याखाली चुळबुळ करत होते.

मी ज्या सॉफ्टवेअरची, ते काय करतं ते आधी सांगते. स्प्रेडशीट तुम्ही पाहिली असेल, चौकोनांचा मोठा तक्ता. एका चौकोनात आकडा भरला की दुसऱ्यात आपोआप उत्तर येतं, कारण त्या दुसऱ्यात सूत्र लपलेलं असतं. पण शीट म्हणजे बिनकडीचं घर. कुणीही यावं, सूत्रावर बोट ठेवावं आणि पुसून टाकावं. आमचं सॉफ्टवेअर, ज्याला कंपायलर म्हणतात, ते अख्खी शीट घेऊन तिची एक बंद पेटी बनवतं. आकडे भरायला तेवढी जागा उघडी, सूत्रं आत कुलपात. हे काम सुरू व्हायला मी लागते. माझी अक्षरं भरली की ती इंटरनेटवरून कारखान्यात जातात. कारखाना विचारतो, "कुणाची गं तू?" ओळख पटली की चालू. एक मालक, दोन कॉम्प्युटर, तिसरा नाही. एवढाच माझा नियम.

मला ज्यांनी आणलं त्या बाई क्रेनच्या यार्डात कामाला होत्या. कुठली वस्तू किती जड, ती किती लांब न्यायची, त्याला कुठली क्रेन लावायची, हे सगळं त्या आधी आखून द्यायच्या. म्हणून त्यांना आखणीवाल्या बाई म्हणत. त्यांनी स्वतः एक शीट तयार केली होती. वजन भरा, अंतर भरा, क्रेनच्या लोखंडी हाताची लांबी भरा. खाली उत्तर यायचं, हिरव्या रंगात "चालेल" नाहीतर लाल रंगात "नको". आणि यार्डातली सगळ्यात मोठी क्रेन चालवायचे बाईंचे सख्खे थोरले भाऊ. त्यांना सगळं यार्डच दादा म्हणायचं.

आता पुढचं मी नंतर ऐकलेलं, पण इतक्या वेळा ऐकलंय की पाहिल्यासारखंच आहे. तिथले मुकादम माणूस वाईट नव्हते, पण सदा घोड्यावर. "नको" या शब्दाशी त्यांचं हाडवैर. एका दुपारी लाल "नको" आलं, तर या गृहस्थांनी काय करावं? चौकोनावर बोट ठेवलं आणि स्वतःच्या हातानं लिहिलं, "चालेल". सूत्र गेलं पुसून! त्यानंतर अकरा दिवस शीटमध्ये हत्ती भरा नाहीतर डोंगर भरा, ती आपली म्हणतेय, चालेल, चालेल. बाराव्या दिवशी दादा एक तुळई उचलत होते आणि क्रेनचे मागचे लोखंडी पाय जमिनीपासून वीतभर वर आले. दादांनी श्वास रोखून तुळई हळूहळू खाली टेकवली. पायही टेकले. कुणाला खरचटलंसुद्धा नाही. पण दादा केबिनमधून उतरले ते थेट बाईंच्या टेबलाशी गेले आणि म्हणाले, "तुझी ती शीट पुन्हा बघ गं."

बाईंनी तो चौकोन शोधून काढला. सगळ्यांसमोर मुकादमांना म्हणाल्या, "माझा भाऊ होता वर. माझा भाऊ!"

मुकादम म्हणाले, "अहो बाई, थोडंफार चालतं."

"थोडं चालेल. फार चालत नाही, मुकादम!"

त्याच दिवशी बाई मालकांकडे गेल्या आणि कंपायलर मागितला. मालक म्हणाले, "विकत कशाला? इंटरनेटवर फुकट मिळतं म्हणे, कुणीतरी तोडलेलं." बाई म्हणाल्या, "कुलूप चोराकडून आणायचं आणि वर निवांत झोपायचं, हे मला जमणार नाही." मालकांनी पैसे काढून दिले आणि चार दिवसांनी मी यार्डात आले.

काय सांगू तो दिवस! बाईंनी केसातली पिन काढून माझ्यावरचा पट्टा खरवडला. उजेड दिसला. दादा मुद्दाम आले होते. ते अक्षरं वाचणार आणि बाई टाइप करणार. दादांना यार्डात ओरडायची सवय, त्यामुळं माझं एकेक अक्षर चारी भिंतींवर आपटत होतं. "अहो दादा, हळू! गुपित आहे ते," बाई म्हणाल्या. दादा म्हणाले, "मग तुझ्या कानात ओरडू का?" सगळे हसले. मग मी तारेतून धावत सुटले, कारखान्यानं विचारलं, "कुणाची गं तू?" आणि मी छाती फुगवून सांगितलं, "क्रेन यार्डाची!" पडद्यावर उमटलं: सक्रिय झाले. दादांनी टाळी वाजवली. एका सॉफ्टवेअरसाठी टाळी वाजवणारा माणूस मी पुन्हा पाहिला नाही.

नंतरची तीन वर्षं म्हणजे माझा सुखाचा काळ. बाईंच्या शीटची बंद पेटी झाली आणि दादांच्या केबिनमधल्या टॅबवर जाऊन बसली. लाल म्हणजे लाल. मुकादमांनी बोटं आपटून पाहिली, गोड बोलून पाहिलं, एकदा तर टॅबला शिवी दिली. पेटी ढिम्म हलली नाही. तीन वर्षांत एकदाही क्रेनचे पाय उचलले गेले नाहीत. बाहेरचे लोक यार्ड बघायला आले की मालक ऐटीत सांगायचे, "आमच्याकडे सगळं रीतसर विकत घेतलेलं असतं हं!" जसं काही त्यांनीच हट्ट धरला होता.

माझं कार्ड बाईंनी टेबलाच्या काचेखाली ठेवलं होतं, कॅलेंडर आणि दादांच्या मुलीच्या फोटोच्या मध्ये. सुरुवातीला कौतुक झालं. मग माझ्यावर कप आले, फायली आल्या, कुणाची कोपरं आली. काचेखालून जग बघितलंय का कधी? नुसत्या हनुवट्या आणि नाकपुड्या! महिनेच्या महिने कुणी मला वाचत नव्हतं. वाचायचं कशाला, काम चालूच होतं. माझ्या जिवाची मात्र तगमग. वाटायचं, पाच हजार बहिणी कुठं कुठं फिरत असतील आणि मी इथं कॅलेंडरच्या शेजारी बसून तारखा मोजतेय. कुणीतरी यावं, काच उचलावी आणि मला बाहेर न्यावं. मित्रांनो, हे मी कबूल करते, कारण पुढं जे झालं त्यात बाईंची चूक होती तशी माझ्या मनाचीही होतीच.

आणि ते कुणीतरी आले. बाईंचे धाकटे दीर. बाई त्यांना भावजी म्हणायच्या. हसरा माणूस, बोलण्यात साखर. नुकती नवी नोकरी लागलेली, तिथं त्यांना शीटच्या पेट्या करून साहेबांवर छाप पाडायची होती. "वहिनी, तुमची ती की द्या की."

"नाही," बाई म्हणाल्या.

पुढच्या आठवड्यात पुन्हा. "नाही म्हणजे नाही, भावजी." मग सासूबाईंचा फोन: "अगं, घरातल्या घरात कसलं आलंय तुझं-माझं?" बाईंनी तेही टाळलं. चौथ्यांदा भावजी आले तेव्हा काहीच बोलले नाहीत. नुसते समोर बसून राहिले. आणि बाईंना आठवलं, नवरा दोन महिने दवाखान्यात होता तेव्हा हाच माणूस त्याच्या उशाशी बसून होता. घरी जा म्हटलं तरी हलला नव्हता. अशा माणसाला पंचवीस अक्षरं नाही म्हणायची?

"दोनातला एक कॉम्प्युटर रिकामाच आहे म्हणा," बाई स्वतःशीच पुटपुटल्या. तो रिकामा असला तरी यार्डाचाच होता, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. तरी त्यांनी काच उचलली. "फक्त तुमच्यापुरती हं, भावजी."

"आईशप्पथ, वहिनी!" भावजींनी माझा फोटो काढला.

आणि मला, मेलीला, आनंद झाला!

काय सांगू, पहिले दिवस तर पंख फुटल्यासारखे गेले. भावजींचा कॉम्प्युटर, मग त्यांच्या शेजारच्या टेबलावरच्या मित्राचा. त्यालाही शपथ घातली होती म्हणे. तो मित्र भारी हुशार. कारखान्यानं दोनाच्या वर नकार दिला, तर यानं इंटरनेट काढून कारखान्याच्या होकाराची खोटी चिठ्ठीच बनवली. मग काय, दार मोकळं. मित्राचा मेहुणा, मेहुण्याचं ऑफिस, ऑफिसातल्या कुणाची तरी वर्गमैत्रीण. प्रत्येक जण पुढच्याला सांगायचा, "फक्त तुझ्यापुरती हं." मी एकेचाळीस यंत्रं फिरले. सुरुवातीला मजा वाटली, मग दम लागला, मग लाज वाटायला लागली. कुणाच्या घरात गेले ते कळेना, माझ्या नावावर तिथं काय बनतंय ते विचारायची सोय नाही. "कुणाची गं तू?" याला खरं उत्तर द्यायला माझ्याकडे तोंडच उरलं नाही.

पण बहुतेक यंत्रं कधी ना कधी इंटरनेटला लागतातच. कारखान्याला एकेक पत्ता कळत गेला. एका सोमवारी माझ्यावर शिक्का बसला: रद्द.

नेमक्या त्याच सोमवारी बाईंना माझी गरज पडली. दादांच्या क्रेनला नवा, जास्त लांब हात बसवला होता आणि शनिवारी एका शाळेच्या छपरावर पाण्याची मोठी टाकी चढवायची होती. केबिनमधली पेटी जुन्या हाताची, तिच्या सूत्रांत वजन धरलेलं तेही जुन्याच हाताचं. नवे आकडे घालून नवी पेटी बनवायला बाईंनी कंपायलर उघडला, तर पडद्यावर: ही की रद्द करण्यात आली आहे. बाईंनी काच उचलून माझं कार्ड हातात घेतलं आणि माझ्याकडे बघत राहिल्या. मला वाटलं, टेबलाला भेग पडावी आणि मी आत जावं.

बाईंनी भावजींना बोलावून घेतलं. ते धापा टाकत आले. "मी एकालाच दिली हो, वहिनी. फक्त एकाला." मग लगेच, "पण घाबरू नका. माझ्याकडे तोडलेली प्रत आहे, की लागतच नाही. दहा मिनिटांत बसवतो. कुणाला कळणारही नाही."

"त्या प्रतीत तोडणाऱ्यानं आत काय बदललंय, माहीत आहे तुम्हाला?"

"चालते म्हणतोय ना."

"चालते!" बाई उसळल्या. "याच शब्दापायी माझा भाऊ एकदा मरता मरता वाचलाय."

भावजी खाली मान घालून गेले. बाईंनी कारखान्याच्या मदत विभागाला फोन लावला. पलीकडच्या माणसानं विचारलं, "की कुणाला दिली होती का?"

बाईंना नाही म्हणता आलं असतं. "चोरीला गेली असेल" म्हणता आलं असतं. माझा जीव नुसता टांगणीला!

"हो. मी दिली. एकाला."

"इथं एकोणचाळीस दिसतायत," तो माणूस म्हणाला.

बाईंनी डोळे मिटले. तो म्हणाला, "ही की आता परत चालू होणार नाही. पण तुम्ही खरं सांगितलंत म्हणून तुम्हाला दुसरी देता येईल. काय झालं ते लिहून मालकांच्या सहीचं पत्र पाठवा."

म्हणजे मालकांना सांगायचं. मालकांना सांगायचं म्हणजे यार्डाला कळणार, आणि यार्डाला कळणार म्हणजे मुकादमांना कळणार. ज्या माणसाला बाईंनी चारचौघांत फैलावर घेतलं होतं त्यालाच! बाईंची सगळी अब्रू त्या पत्रात होती, आणि पत्र गेलं नाही तर शनिवारी दादा जुन्या पेटीच्या भरवशावर वर बसणार होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी सगळे कामाच्या वाटणीसाठी शेडमध्ये जमले होते. बाई मला हातात घेऊन उभ्या राहिल्या. "तीन वर्षांपूर्वी मी मुकादमांना बोलले होते. आज मला कुणीही बोलावं. ही की यार्डाची होती, मी घरच्या माणसाला दिली. आता ती बंद झालीय. दादांच्या केबिनमध्ये आत्ता जी पेटी आहे ती नव्या हातासाठी खोटी आहे. नवी येईपर्यंत कुणी तिच्यावर विसंबू नका."

मुकादम म्हणाले, "अगं बाई! म्हणजे तुम्हीसुद्धा?" आणि खदाखदा हसले. चांगले पोटभर हसले. दादा मात्र हसले नाहीत. बहिणीकडे बघून एवढंच म्हणाले, "मला काल संध्याकाळीच सांगायचं होतंस गं." ते ऐकून बाईंच्या डोळ्यांत पाणी आलं. मुकादमांच्या हसण्यानं आलं नव्हतं.

पत्र तयार झालं, पण मालक होते दातांच्या डॉक्टरांकडे. आणि काय आश्चर्य, मुकादमच म्हणाले, "द्या इकडे, मी आणतो सही," आणि गाडीला किक मारून गेले. मालकांचं अर्धं तोंड बधिर केलेलं होतं, त्यामुळं शिव्याही म्हणे अर्ध्याच बाहेर पडल्या. पण सही पूर्ण केली.

शुक्रवारी नवी की आली. तरुण, तरतरीत, आगाऊ. बाईंनी ती भरली, पेटी बनवली, दादांच्या टॅबवर चढवली. शनिवारी शाळेच्या आवारात भावजीही आले होते, न बोलावता. बाईंनी मला पर्समध्ये नेलं होतं, का कोण जाणे. दादांनी आकडे भरले: टाकीचं वजन, अंतर, नव्या हाताची लांबी. उत्तर आलं, नको.

मुकादमांनी आपल्या टॅबवर राहिलेली जुनी पेटी उघडून तेच आकडे भरून पाहिले. उत्तर आलं, चालेल.

मुकादमांनी दोन्ही टॅब शेजारी शेजारी धरून पाहिले. मग म्हणाले, "सायकलस्टँडचं छप्पर उतरवा. क्रेन चार मीटर पुढं घ्या." घाईचा माणूस, पण त्या दिवशी दोन तास एका शब्दानं कुणाला घाई केली नाही. क्रेन पुढं आली, पेटीनं चालेल म्हटलं आणि टाकी डुलत डुलत छपरावर जाऊन बसली.

ती वर जात असताना बाईंनी भावजींचा दंड धरला आणि केबिनकडे बोट केलं. "ते वर बसलेत ना, भावजी, ते माझे दादा."

भावजींनी मान वर केली आणि मग लगेच खाली घातली. त्यांना तोवर मी म्हणजे नुसती अक्षरं वाटत होते. तिथंच उभ्या उभ्या त्यांनी मित्राला फोन लावला. मग मित्राच्या मेहुण्याला, मग मेहुण्याच्या ऑफिसात. महिनाभर माणूस प्रत्येकाच्या मागं लागला होता, कुठं पाया पडला, कुठं भांडला, पण एकेका यंत्रावरून मला काढायला लावलं. पस्तीस, सदतीस, एकोणचाळीस. कारखान्यानं दिलेली यादी संपली. बाईंनी भावजींना घरी जेवायला बोलावलं. सगळ्यांना वाटलं, झालं, मिटलं.

पण मित्रांनो, मी एकेचाळीस यंत्रं फिरलेय. कारखान्याला एकोणचाळीसच दिसली, कारण उरलेली दोन कधी इंटरनेटला लागलीच नाहीत. ती कुणाच्याच यादीत नाहीत. मला माहीत आहेत, पण माझं ऐकणार कोण? त्यातल्या एकावर मी शेवटी पाहिलं तेव्हा लहान मुलांच्या औषधाच्या मात्रेची पेटी बनत होती. कंपायलरमध्ये पुढं काही चूक सापडली तर दुरुस्ती ज्यांची नोंद आहे त्यांनाच जाते. त्या यंत्राला कुणी कळवणार नाही. तिथं चुकीचं "चालेल" आलं तर हळूच खाली टेकवायला दादा नाहीत.

परक्यानं मागितलं की आपण चटकन नाही म्हणतो. "फक्त माझ्यापुरती" म्हणून मागणारा आपलाच असतो, आणि त्यालाच नाही म्हणायचं असतं. हे मला सांगायचं होतं, पण नुसतं सांगून माझ्या जिवाला चैन पडणार नाही. तुमच्या घरी, मामाकडे, शेजारच्या दवाखान्यात एखादा कॉम्प्युटर असेल, इंटरनेट काढून ठेवलेला. विचारा तिथं, ही की कुणाची? विकत घेतलेली आहे का? उत्तर द्यायला कुणी चाचरलं तर ती मी असेन. मला तिथून काढा. उद्या नको, आजच विचारा.